सावडीच्या पाळ्या

माझं माहेर भवानीनगरचं. तिथं साखर कारखान्याच्या भोंग्यावर चुली पेटायच्या, पोरं शाळेला निघायची आणि भिंतीवरचं घड्याळसुद्धा भोंगा ऐकून लावलं जायचं. अशा ठिकाणी वाढलेल्या मुलीला वेळेचं खूळ लागलं तर नवल नाही. मला ते जरा जास्तच लागलं. चारला येतो म्हणून साडेचारला आलेल्या पाहुण्यांना आमच्याकडे चहा निवलेलाच मिळायचा. आई कपाळाला हात लावून म्हणायची, "हिला घड्याळवाली सासू मिळू दे म्हणजे कळेल." सासू मला मिळालीच नाही, ती माझ्या लग्नाआधीच गेली होती. नवरा मात्र असा मिळाला की ज्याला स्वतःचे तास मोजता येत नव्हते.

ते बारामतीच्या एमआयडीसीत, एका पुठ्ठ्याच्या मिलमध्ये बॉयलरवर होते. साखर कारखान्यांतून उसाचा भुसा यायचा, त्याचा लगदा व्हायचा आणि लगद्याचा पुठ्ठा; उरलेला भुसा बॉयलरच्या भट्टीत जळायचा. मिल तीन पाळ्यांत चालायची. सात ते तीन, तीन ते अकरा आणि अकरा ते सकाळी सात. टाइम ऑफिसातला कारकून नोकरी सोडून गेला तेव्हा त्यांनीच माझा अर्ज नेऊन दिला. मी बी.कॉम. झालेले होते आणि आमची मुलगी बालवाडीत जायला लागली होती. मॅनेजरसाहेबांनी मला एवढंच विचारलं, "बाई, कामगार येऊन आरडाओरडा करतात. जमेल का?" मी म्हणाले, "मलाही करता येतो." नोकरी लागली.

टाइम ऑफिस म्हणजे गेटाला लागून एक खोली, तिला एक खिडकी आणि खिडकीबाहेर भिंतीला पंचिंगचं मशीन. शेजारच्या खणांत प्रत्येकाचं कार्ड. आत येताना कार्ड मशीनच्या फटीत घालायचं, खट् आवाज व्हायचा आणि वेळ उमटायची. बाहेर जाताना पुन्हा तसंच. महिना संपला की ती सगळी कार्डं माझ्या टेबलावर यायची आणि मी कोणाचे किती तास भरले, कोणाचा किती ओव्हरटाइम झाला ते काढायला बसायचे. ओव्हरटाइमला दुप्पट दर, त्यामुळे सगळी भांडणं त्याच्यावरून. आमच्या मिलचा नियम असा होता की जादा वेळ पाव-पाव तासाने मोजायचा. पाव तास पुरा भरला नसेल तर वरची मिनिटं सोडून द्यायची.

"बाई, माजी सात मिन्टं खाल्ली तुमी," असं कोणीतरी दर महिन्याला खिडकीत डोकं घालून म्हणायचं.

"मी नाही खाल्ली. नियमाने खाल्ली. जा, नियमाशी भांड."

पण एखाद्याचा भरलेला तास वरच्या ऑफिसाने कापला, तर मीच कार्ड घेऊन साहेबांच्या केबिनमध्ये शिरायचे आणि तो तास परत घेऊनच बाहेर यायचे. माझ्या नावाने बोटं मोडणारेही त्यामुळे मला मानायचे. मला या कामाचा गर्व होता, खोटं कशाला सांगू. माणूस आठ तास घाम गाळतो तर निदान ते आठ तास कुठेतरी बरोबर लिहिलेले असावेत, असं मला मनापासून वाटायचं.

माझ्या या सगळ्या बरोबर लिहिण्याला आमच्या घरातूनच सुरुंग लागला होता.

मिलमधले बहुतेक कामगार पणदरे, वडगाव निंबाळकर अशा गावांतले. नोकरी मिलमध्ये, पण जीव रानात. पाटाला पाणी सुटलं की प्रत्येकाच्या रानाची पाण्याची पाळी ठरलेली असे आणि ती अमुक दिवशी येणार हे आदल्या दिवसापर्यंत कळत नसे. आलेली पाळी चुकली की पुढची कित्येक दिवसांनी. तोवर उन्हाळ्यात ऊस वाळून जायचा. मिलमध्ये रजेचा अर्ज तीन दिवस आधी द्यावा लागे. पाटाचं पाणी काही मिलचे नियम वाचून सुटत नव्हतं.

मग या लोकांनी काय केलं, तर रानातली सावड उचलून मिलमध्ये आणली. सावड म्हणजे आज तू माझ्या रानात राबायचं, उद्या मी तुझ्या. पैशाचा संबंध नाही, लिहून ठेवायचं नाही, आणि विसरायचं तर मुळीच नाही. इथं रानाच्या जागी पाळी आली. एकाला पाण्यावर जायचं असलं की दुसरा आपली पाळी संपवून त्याच्याच जागी पुढची पाळी उभा राहायचा. जाताना आपलं कार्ड पंच करून बाहेर, आणि लगेच मित्राचं कार्ड पंच करून आत. कागदावर दोघंही आपापल्या जागी. प्रत्यक्षात एक जण सोळा तास भट्टीसमोर, दुसरा गुडघाभर चिखलात.

हे ज्या माणसाकडून सगळ्यात जास्त व्हायचं तो माझा नवरा होता.

माझ्या खिडकीसमोर दोन कार्डं पंच करायला ते लाजायचे. मी चहाला उठले की करायचे. पण महिन्याच्या शेवटी दोन्ही कार्डं माझ्याकडेच यायची ना! त्यांची जायची वेळ तीन, आणि वडगावच्या भाऊजींची यायची वेळही बरोबर तीन. वडगावचे भाऊजी म्हणजे यांचे बॉयलरवरचे जोडीदार. एरवी कधी वेळेवर न येणारा माणूस त्याच दिवशी घड्याळ लावून कसा येतो, हे न कळायला मी काय दूधखुळी होते?

एकदा मी घरी यांना धारेवर धरलं. "अहो, सोळा तास काम करता. माझ्या हाताने मी आठच लिहिते. ओव्हरटाइम म्हणून रीतसर मागा ना. दुप्पट मिळेल."

ते भाकरी मोडत शांतपणे म्हणाले, "सावडीला ओव्हरटाइम लावत न्हाईत."

"आणि सापडलात तर?"

"सापडायला लिवणारी तूच हाईस की."

माझ्या डोक्यात तिडीक गेली आणि हसूही आलं. या माणसावर धड रागावता यायचं नाही, हीच माझी मोठी पंचाईत होती. आणि एक सांगते. पणदऱ्याला आमचं दीड एकर रान होतं, तिथं सासरे एकटे राहायचे. त्यांना सगळे आबा म्हणत. आमच्या उसाची लागण असली की हेच भाऊजी यांची पाळी उभी करायचे. कधी रानातच येऊन राबून जायचे. सावड दोन्हीकडून चालायची. मी गप्प बसले.

तो एप्रिल होता. ऊन मी म्हणत होतं. सकाळी सात ते तीन यांची पाळी झाली होती. साडेपाचला माझं ऑफिस सुटलं तेव्हा मी बॉयलरकडून वळसा घालून गेले, कारण तीन वाजता हे खिडकीवरून घराकडे गेलेले मला दिसले नव्हते. हे माठापाशी उभे राहून डोक्यावर पाणी ओतून घेत होते.

"भाऊजींचं पाणी सुटलं वाटतं?"

"व्हय. आज सोडलं तर पुढच्या म्हैन्यात."

"कार्डावर तुम्ही तीनलाच घरी गेलात. मग हा समोर कोण उभा आहे?"

"भूत हाय," ते म्हणाले आणि ओल्या हाताने माझ्या तोंडावर पाणी उडवलं.

मी हसले. मुलगी शेजारणीकडे होती, तिला घ्यायचं होतं, म्हणून निघाले. आमचं शेवटचं बोलणं एवढंच.

त्याच रात्री भट्टीत भुसा ओढता ओढता ते खाली बसले आणि पुन्हा उठले नाहीत. मिलच्या जीपने त्यांना दवाखान्यात नेलं. मला न्यायला जीप घरी आली तेव्हा ड्रायव्हर माझ्याकडे बघेना, तेव्हाच मी समजले. डॉक्टर म्हणाले, हृदय बंद पडलं. चाळिशीही गाठली नव्हती त्यांनी. मुलगी दुसरीत होती. त्या दिवसांबद्दल मला फार काही सांगता येत नाही. मी रडत होते, आणि मधेच थांबून कोणाला तरी किती वाजले ते विचारत होते, असं नंतर लोकांनी सांगितलं.

मॅनेजरसाहेब पाचव्या दिवशी पणदऱ्याला आले. आबांच्या शेजारी बाजेवर बसले. माणूस वाईट नव्हता. पाणीसुद्धा घेईना, इतका अवघडला होता. मग म्हणाला, "बाई, तुम्हाला सांगायला नको. रेकॉर्डप्रमाणे ते तीनला घरी गेलेत. त्यानंतर बॉयलरवर दुसऱ्या माणसाचं कार्ड आहे. उद्या फॅक्टरी इन्स्पेक्टर विचारणार. आपण असं लिहू, की काहीतरी विसरलं म्हणून ते परत आत आले होते. म्हणजे कोणालाच त्रास नाही. मिल तुमच्या मुलीसाठी आपल्या परीने मदत करेल."

आबांना जरा वेळाने उमगलं. ते म्हणाले, "म्हंजी माजा ल्योक तितं कामावर नव्हता म्हनं?"

"तसं नाही आबा. कागदावर..."

कागदावर! तो कागद मीच दर महिन्याला तपासत होते. पैशाचं तेव्हा मला काही सुचत नव्हतं. एवढंच कळत होतं की माझा माणूस भट्टीसमोर उभ्या उभ्या गेला आणि कागद म्हणतोय की तो तिथं नव्हताच. तो घरी होता. कुठल्या घरी? मी वाट बघत होते त्या घरी तर तो आला नाही!

भाऊजी अंगणातच होते. पाच दिवस ते तिथंच होते. लाकडं फोडायचे, पाणी भरायचे, मान वर करायचे नाहीत. मी त्यांच्याशी एक अक्षर बोलले नव्हते. खरं सांगते, मला त्यांचा द्वेष वाटत होता. भाऊजींच्या उसाला पाणी मिळालं आणि माझं घर बसलं, हेच डोक्यात घुमत होतं.

ते हातातली कुऱ्हाड ठेवून पुढं आले. "सायेब, ती पाळी माजी हुती. मी पान्यावर गेल्तो. माजं कार्ड त्यांनी पंच केलं. मी सांगिटल्यालं."

साहेब दबक्या आवाजात म्हणाले, "तुला कळतंय का तू काय बोलतोयस? नोकरी जाईल तुझी."

"जाऊ द्या. ते तितंच हुते. तसं लिवा."

त्यांनी तसं लिहून सही करून दिली आणि आठवड्यात त्यांची नोकरी गेली. कार्डाच्या बाबतीत मिलचा नियम कडक होता आणि तो गेटावर मोठ्या अक्षरांत लावलेला होता. त्यांच्या त्या सहीमुळे हे कामावर असताना गेले असं ठरलं आणि पुढे भरपाई मिळाली. मुलगी त्यावर शिकली. मी भाऊजींचे आभार मानले नाहीत. मला जमलंच नाही.

महिनाभराने मी कामावर परत गेले. टेबलावर मागच्या महिन्याची कार्डं तशीच पडलेली. साहेब म्हणाले, यांचं कार्ड दुसऱ्याकडून करून घेतो. मी नको म्हटलं. भाऊजींच्या कार्डावरची ती पाळी रीतसर हुकूम काढून यांच्या नावावर ओव्हरटाइम म्हणून लावायची होती. वर्षानुवर्षं त्यांनी सोळा सोळा तास काम केलं, पण कागदावर सोळा तास लागणारा त्यांचा हा पहिलाच दिवस होता. तोसुद्धा पुरा नव्हता. आत यायची वेळ तीन. बाहेर जायची वेळ कोरी.

"अकरा लिहा बाई," साहेब मागे उभे राहून म्हणाले. "पूर्ण पाळी धरू. कोणी काही बोलणार नाही."

दयेने बोलत होते, पण मला ते सोसलं नाही. अकरापर्यंत ते नव्हते. मी खालच्या भुसा ओढणाऱ्याला बोलावून विचारलं, हे खाली बसले तेव्हा किती वाजले होते. तो रडायला लागला. म्हणाला, बॉयलरवरच्या घड्याळात नऊला दहा कमी होते, त्याने पळत जाताना बघितलं होतं. मी ती वेळ लिहिली. मग हिशोब केला. पावणेनऊपर्यंतचे पाव तास भरत होते. वरची पाच मिनिटं भरत नव्हती.

मी ती पाच मिनिटं सोडून दिली. इतर सगळ्यांची सोडत आले होते तशीच. मग टेबलावर डोकं ठेवून इतकी रडले की गेटावरचा वॉचमन आत धावत आला. ती पाच मिनिटं त्यांची होती. छातीत कळ आली असताना ते उभे होते ती पाच मिनिटं. नियम मला तोंडपाठ होता, आणि त्या दिवशी मला पहिल्यांदा त्या नियमाची शिसारी आली.

नोकरी मी सोडली नाही. सोडून जाणार कुठं?

पावसाळा सरल्यावर एका सुट्टीच्या दिवशी मी मुलीला घेऊन पणदऱ्याला गेले तर आमच्या रानात मिलमधली दोन माणसं उसाच्या बुडाला माती ओढून बांधणी करत होती. मी आबांना विचारलं, मजुरी कोणी दिली यांना? आबा म्हणाले, "मजुरी कशाची? सावड फेडाय आल्यात. तुज्या नवऱ्यानं त्यांच्या पाळ्या उबारल्या व्हत्या न्हवं का. त्यो गेला म्हून सावड जाती व्हय?"

एका पाळीला एक दिवस. कोणी सांगितलं नव्हतं, कोणी मागितलं नव्हतं. ज्याला जसा सुट्टीचा दिवस मिळे तसा तो एसटीने नाहीतर सायकलवर यायचा, राबायचा, आबांच्या हातचा चहा पिऊन जायचा. जाताना आबांना म्हणायचा, "आबा, फिटली." आबा म्हणायचे, "फिटली." झालं. मी इतकी वर्षं मशीन लावून, कार्डं तपासून जे करू पाहत होते, ते माझ्या सासऱ्याच्या बाजेवर असं होत होतं. मला बरं वाटलं आणि वाईटही वाटलं. हे जितेपणी इतके थकून यायचे, तेव्हा त्या तासांवर माझा काहीच हक्क नव्हता. आता ते तास एकेक करून आमच्या बांधावर येत होते.

हळूहळू सगळ्यांची सावड फिटली. उरले भाऊजी. त्यांच्याकडे यांच्या सगळ्यात जास्त पाळ्या निघत होत्या. नोकरी गेल्यावर ते कोणाच्या तरी ट्रॅक्टरवर जात होते, तरी आठवड्यातून एक दिवस आमच्या रानात यायचे. मी असले की वर बघायचे नाहीत. मीही बोलायचे नाही. बांधावर बसून त्यांचं खोरं चालताना बघत राहायचे. मागून बघितलं की तेही बॉयलरवरच्या माणसासारखेच दिसायचे, खांदे पुढे, मान खाली. यांचेही तसेच झाले होते.

एका संध्याकाळी ते हातपाय धुऊन माझ्याजवळ आले. "वयनी, आज फिटली बगा. शेवटची हुती."

मला माहीत होतं. त्यांच्यापेक्षा नेमकं माहीत होतं. कुठल्या महिन्यात कोणाचं कार्ड तीन वाजता कोणी पंच केलं, हे माझ्या डोक्यात पक्कं बसलेलं होतं. तरी माझ्या तोंडून निघालं, "नाही. अजून एक राहिलीय."

"आसंल वयनी. तुमी टायमापिसातल्या. तुमचाच हिशोब बराबर."

पुढच्या आठवड्यात आले. संध्याकाळी खाली बघूनच विचारलं. मी म्हणाले, "अजून आहे." त्याच्या पुढच्या आठवड्यातही तेच. नंतर ते विचारेनासे झाले. नुसते येत राहिले.

आबा एका रात्री जेवताना म्हणाले, "त्येची फिटली की गं."

"माहीत आहे."

"मग?"

मी उठून ताटं उचलली. उत्तर आज देते. जोवर कोणाकडे तरी यांची पाळी बाकी होती, तोवर हे कुठेतरी हिशोबात होते. कार्ड बंद झालं, खणातून त्यांचं नाव काढून तिथं दुसऱ्याचं लावलं गेलं. भरपाईचे कागद फाइलला लागले. यांचं येणं असलेला हा एकच माणूस उरला होता. त्याची फिटली की यांचं नाव घेऊन आमच्या बांधावर कोणी येणार नव्हतं. मग खरंच सगळं संपलं असतं. मला ते संपू द्यायचं नव्हतं. आणि त्या माणसाचा राग होता, तोही अजून पुरता गेला नव्हता. हे मी तेव्हा स्वतःशीही बोलले नसते.

पुन्हा एप्रिल आला. भाऊजी आमच्या उसाला विहिरीचं पाणी देत होते. म्हणजे मोटर चालू करायची आणि खोऱ्याने माती ओढून एका सरीचं तोंड बंद करायचं, दुसरीचं उघडायचं. त्याला दारं धरणं म्हणतात. दुपारी रस्त्यावरून एक बाई येताना दिसली. गुडघ्यापर्यंत चिखल वाळलेला, लुगड्याचा काष्टा तसाच, हातात फडक्यात बांधलेली भाकरी. जवळ आली तेव्हा ओळखलं. भाऊजींची बायको. यांच्या दहाव्याला बघितली होती तेवढीच.

मी तिला सावलीत बसवलं, पाणी दिलं. तिने भाकरी बांधावर ठेवली आणि बराच वेळ नुसती उसाकडे बघत राहिली.

"चिखलात कुठं गेला होतात?" मी विचारलं.

"आमच्यात पाटाचं पानी हाय आज," ती म्हणाली. "मी पहाटं चारपास्नं दारं धरत हुती. एकलीला आवरंना. निम्मा ऊस भिजला, मग पाट फुटला. पाळी सपली. ऱ्हायल्याला आता पुढच्या म्हैन्यात."

मला वाटलं, मी ऐकण्यात चूक करतेय. "आज तुमच्या पाण्याची पाळी होती? मग हे इथं कसे?"

"तुमचा दिस हाय म्हनले."

विहिरीचं पाणी होतं आमचं. उद्याही देता आलं असतं, परवाही. आणि हा माणूस आपल्या उसाची पाळी सोडून आमचं पाणी धरत होता. ज्या पाळीपायी माझ्या नवऱ्याने भट्टीसमोर जीव सोडला, तीच पाळी.

ती भांडली नाही. भांडली असती तर मी दोन शब्द सुनावले असते, ते मला येतं. ती खाली बघून बोटांवरचा चिखल काढत म्हणाली, "ताई, मी तुमास्नी बोलाय आली न्हाय. तुमचं गेलंय ते लई मोटं हाय. पर ते तर माज्या घरीबी नसत्यात. रातच्याला झोपंत उटून बसत्यात, म्हनत्यात अजून ऱ्हायली हाय. किती ऱ्हायली, ते तेवढं मला सांगा. म्हंजी मी तेवढं दिस मोजीन."

दर महिन्याला खिडकीत डोकं घालून लोक मला हेच विचारायचे, माझे किती राहिले. मी कार्ड बघून तडक उत्तर द्यायचे. इथंही उत्तर मला माहीत होतं, एकही राहिली नव्हती. लग्न झाल्यापासून मी ज्या माणसाची वाट बघत तिष्ठत बसायचे, तो अशाच कोणाच्या तरी पाळीवर असायचा. आता ती बाई तशी बसत होती, आणि तिला तशी मी बसवली होती.

मी उठले. चपला काढल्या आणि सऱ्यांमधून चालत भाऊजींपर्यंत गेले. पाणी घोट्याला लागत होतं. त्यांनी खोरं थांबवलं आणि वर्षात पहिल्यांदा माझ्याकडे सरळ बघितलं.

"भाऊजी, फिटली," मी म्हणाले. "संक्रांतीलाच फिटली होती."

"ठावं हाय वयनी."

"मग येत कशाला होता?"

त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं आणि तो दांडगा माणूस चिखलात उभा राहून लहान पोरासारखा हुंदके द्यायला लागला. मीही रडले. यांच्यानंतर कोणासमोर मोकळेपणी रडले ती तेव्हाच. मग मी त्यांच्या हातातून खोरं काढून घेतलं.

"घरी जा आता. त्या वाट बघतायत."

ते दोघं रस्त्याला लागले. भाकरी त्यांनी वाटेत खाल्ली असेल. पहिल्यांदा ती पुढे आणि ते मागे होते, मग ते बरोबर चालायला लागले आणि वळणावर दिसेनासे झाले.

मोटर चालूच होती. सरी भरून पाणी बांधावरून पलीकडे जायला लागलं होतं. आबा विहिरीवरून ओरडले, "अगं, दारं मोड! वाया चाललं!" मला दारं मोडता, म्हणजे सरीचं तोंड फोडून पाणी पुढच्या सरीत सोडता येत नव्हतं. मी साडी खोचली, खोरं मातीत मारलं आणि पाणी चुकीच्या सरीत गेलं. आबा काठी टेकत जवळ येऊन सांगत राहिले. संध्याकाळपर्यंत आम्ही दोघांनी मिळून राहिलेला ऊस भिजवला. अंधार पडल्यावर मी मोटर बंद केली आणि पाण्याचा आवाज थांबला. आबा म्हणाले, "चल घरी." मी तिथंच बांधावर बसून राहिले. त्या रानात आता यांचं कोणाकडे काही राहिलेलं नव्हतं.